बढतीचं पत्र हातात आलंय, सही करू का? (जळगाव एमआयडीसी)

हॉपरवाला
राम राम मंडळी. एमआयडीसीतल्या एका पाइप कंपनीत एक्स्ट्रुडरवर (प्लॅस्टिक वितळवून पाइप काढणारं मशीन) ऑपरेटर आहे. कायम कामगार, दहा वर्षांच्या वर नोकरी झाली. सोमवारी एचआरने बोलावून दोन पानी पत्र दिलं. १ एप्रिलपासून 'शिफ्ट इन्चार्ज' म्हणून बढती. घरी सगळे खूश. मी रात्रपाळीला डबा खाताना पत्र नीट वाचलं आणि घास तसाच राहिला.

पगार १९,२०० वरून २२,७०० होणार. इथवर ठीक. पुढं लिहिलंय की सहा महिने परिविक्षा (प्रोबेशन), काम समाधानकारक नसेल तर 'योग्य ती कार्यवाही'. कंपनीच्या भारतातल्या कुठल्याही युनिटला बदली होऊ शकते. नोकरी सोडायची तर तीन महिन्यांची नोटीस, आतापर्यंत एक महिन्याची होती. आणि कामाच्या गरजेप्रमाणे थांबावं लागेल, त्याचा वेगळा मोबदला नाही. शनिवारपर्यंत सही करून द्या म्हणतात.

अजून एक खदखद आहे. गेल्या वर्षी माझ्यापेक्षा चार वर्षांनी ज्युनियर पोराला इन्चार्ज केलं. मी विचारलं तर 'सिनिऑरिटी आमच्याकडे चालत नाही' असं उत्तर मिळालं. खाजगी कंपनीत बढतीला काही कायदा आहे का? आणि मी नाही म्हटलं तर मला काढू शकतात का?

शेवभाजी_डबल_तर्री
आधी अभिनंदन. पार्टी कुठे, ते सांगा. कायदा नंतर बघू.

कळणानी_भाकर
भो, पगार वाढी ऱ्हायना का नुसतं नाव वाढी ऱ्हायनं, ते पह्यले सांग.

पगारपत्रक
वरच्या प्रतिसादात गंमत म्हणून विचारलंय, पण खरा प्रश्न तोच आहे. हॉपरवाला, महिन्याला ओव्हरटाइम किती तास होतो?

हॉपरवाला
सीझनला जास्त, पावसाळ्यात कमी. सरासरी तीस तास धरा. डबल रेटने मिळतो.

पगारपत्रक
मग मांडा हिशेब. १९,२०० ला २६ दिवस आणि ८ तासांनी भागलं की तासाला साधारण ९२ रुपये. डबल म्हणजे १८४-१८५. तीस तासांचे साडेपाच हजार. म्हणजे आज तुमच्या हातात येतात २४,७०० च्या आसपास, आणि बढतीनंतर सरसकट २२,७००. महिन्याला दोन हजार रुपये देऊन तुम्ही इन्चार्ज होताय.

हे एवढ्यावर थांबत नाही. ईएसआयसीची, म्हणजे कामगारांच्या सरकारी आरोग्य विम्याची, पगारमर्यादा २१,००० आहे, २०१७ पासून. ओव्हरटाइमचे पैसे त्या मर्यादेत धरत नाहीत, म्हणून आज तुम्ही आत आहात. २२,७०० झाले की बाहेर. घरात कोणी आजारी असतं का? बोनसच्या कायद्यातही २१,००० चीच मर्यादा आहे, फक्त तिथं मूळ पगार आणि महागाई भत्ता मोजतात, त्यामुळे पगाराचे तुकडे कसे पाडलेत ते बघावं लागेल. पत्राला जोडपत्र असेल, ते वाचा.

मी तीन-चार कंपन्यांचे पगार करतो. २१,००० च्या जरा वर नेऊन ठेवलेल्या बढत्या भरपूर बघितल्यात. प्रत्येक वेळी डाव असतो असं नाही, पण हिशेब कोणीतरी केलेला असतो.

हॉपरवाला
आईचं डायलिसिस चालू आहे, ईएसआयसीतूनच. हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं.

शेवभाजी_डबल_तर्री
पार्टी कॅन्सल. सॉरी भाऊ.

पांझराकाठचा_वकील
धुळ्यात कामगार खटले चालवतो, म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

पहिलं म्हणजे, बढती हा हक्क नाही. सरकारी नोकरीतसुद्धा हक्क आहे तो बढतीसाठी विचार होण्याचा. घटनेच्या कलम १६ मुळे तो मूलभूत हक्क ठरतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९९ च्या अजित सिंग प्रकरणात स्पष्ट केलं. खाजगी कंपनीला कलम १६ लागत नाही. तिथं बढती हे व्यवस्थापनाचं काम मानलं जातं, आणि डूख धरून किंवा आकसाने कोणाला डावललं असेल तरच कोर्ट हात घालतं.

दुसरं, सेवाशर्ती. इथं मात्र कायदा आहे. कामगाराच्या सेवाशर्तीत त्याच्या तोट्याचा बदल करायचा तर २१ दिवसांची नोटीस द्यावी लागते. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात हे कलम ९-अ होतं. २१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता लागू झाली, तिच्यात ते कलम ४० आहे. कोणते बदल ते परिशिष्टात दिलंय. पगार, भत्ते, कामाचे तास, पाळ्या, रजा, ग्रेडनुसार वर्गीकरण, रूढीने मिळणाऱ्या सवलती. बढती या यादीत नाही. पण ओव्हरटाइम बंद आणि देशभर बदली या गोष्टी ते तुम्हाला आजच्या पदावर असताना एका पत्राने लावू शकले नसते. बढतीच्या कागदात घालून तुमची सही घेतली की ती तुमची संमती होते. त्या सहीचं मोल एवढं आहे.

तिसरं सगळ्यात महत्त्वाचं. तुम्ही आज कायद्याच्या भाषेत 'कामगार' आहात. नव्या संहितेत, देखरेखीचं काम करणारा आणि महिन्याला १८,००० पेक्षा जास्त वेतन घेणारा माणूस कामगार नाही. आधी हा आकडा १०,००० होता. म्हणजे पगाराचं कुंपण तुम्ही आज १९,२०० वरच ओलांडलंय, राहिलं फक्त काम कसलं आहे ते. तुम्ही कामगार राहिला नाहीत तर कामगार न्यायालय नाही, कपातीच्या वेळी वर्षाला पंधरा दिवसांच्या पगाराची भरपाई नाही, 'शेवटी आला तो आधी जाईल' हा नियम नाही. ग्रॅच्युइटी आणि पीएफ मात्र जात नाहीत, ते मॅनेजरलाही असतात.

आता नाकारण्याबद्दल. आदर्श स्थायी आदेशांत (कारखान्यातल्या नोकरीचे सरकारी नमुना नियम) गैरवर्तनाची यादी असते. वरिष्ठाच्या कायदेशीर व वाजवी आदेशाची जाणूनबुजून अवज्ञा तिच्यात आहे. बढती ही देऊ केलेली गोष्ट आहे, आदेश नाही. 'सध्या स्वीकारू शकत नाही, मूळ पदावर काम करण्यास तयार आहे' असं दोन ओळीत लिहून द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. तोंडी नाही म्हणू नका. तोंडी नाही म्हणजे पुढं 'उद्धट उत्तर दिले' असं होतं.

मनुष्यबळ_ताई
मी एचआरमध्ये आहे (त्या कंपनीत नाही, घाबरू नका). इथं सगळे आम्हाला राक्षस ठरवून मोकळे झालेत म्हणून लिहिते.

बदलीची अट, तीन महिन्यांची नोटीस, परिविक्षा हे स्टाफच्या प्रत्येक पत्रात छापील असतं. कोणी मुद्दाम हॉपरवाल्यांसाठी बसून लिहिलेलं नाही. इन्चार्ज एका दिवसात सोडून गेला तर पाळी कोण चालवणार? आणि ओव्हरटाइमचं म्हणाल तर, माणूस आयुष्यभर तीस तास जास्त राबून दोन हजार कमवणार की पाच वर्षांत असिस्टंट मॅनेजर होणार? बढती ही आजच्या महिन्याच्या पगारपत्रकावर मोजायची गोष्ट नाही.

ज्युनियरला आधी का, याचंही उत्तर असतं. आमच्याकडे वीस वर्षं मशीन चालवलेले काका आहेत. मशीनचा आवाज ऐकून सांगतात कुठं बिघाड आहे. पण कॉम्प्युटरवर उत्पादनाचा अहवाल भरायला सांगितला की 'ते पोराला सांगा'. मग पोरगाच इन्चार्ज होणार ना?

युनियनवाले_आबा
ताई, छापील असतं हेच तर दुखणं आहे. छापील आहे म्हणून कोणी वाचत नाही.

आणि तुमच्या पोराला कॉम्प्युटर कोणी शिकवला? कंपनीनेच ना? काकांना आठवडाभर शिकवलं असतं तर काय बिघडलं असतं?

आमच्याकडे घडलेलं सांगतो, कंपनीचं नाव घेत नाही. पगारवाढीच्या कराराची बोलणी सुरू व्हायच्या तोंडावर एकदम सहा जणांना बढत्या. त्यातले चार युनियनचे खंदे कार्यकर्ते, उरलेले दोन साहेबांचे लाडके. चौघे स्टाफमध्ये गेले, म्हणजे आमच्यातून गेले. वाटाघाटीला बसलो तर बोलणारं तोंडच नाही. हार घालून काढलं त्यांना. यावर कायदा आहे, महाराष्ट्राचा १९७१ चा, कामगार संघटना आणि अनुचित प्रथांबद्दलचा, एमआरटीयू-पल्प म्हणतात तो. युनियनच्या कामामुळे बढती नाकारणं ही अनुचित प्रथा, आणि कामगारांत फूट पाडायला किंवा युनियनचं बळ मोडायला लायकी नसताना बढती देणं हीसुद्धा अनुचित प्रथा. दोन्ही दुसऱ्या परिशिष्टात लिहिलेलं आहे. गुणवत्ता न बघता एका गटावर मर्जी दाखवणं हे चौथ्या परिशिष्टात.

मनुष्यबळ_ताई
आबा, लायकी नसताना हे तुम्ही कसं ठरवलं? युनियनचा कार्यकर्ता हुशार असू शकतो की. बहुतेक वेळा तोच सगळ्यात हुशार असतो. त्याला बढती दिली तर युनियन फोडली, नाही दिली तर सूड उगवला. आम्ही करायचं तरी काय?

युनियनवाले_आबा
निकष आधी फळ्यावर लावायचे. मग द्या कोणालाही.

मनुष्यबळ_ताई
हे मात्र मान्य. निकष लिहिलेले नसतील तर आमचीही बाजू लंगडी पडते.

भुसावळ_जंक्शन
रेल्वेत ३४ वर्षं काढून निवृत्त झालो. आमच्याकडे असिस्टंट लोको पायलट, मग शंटर, मग मालगाडी, मग पॅसेंजर, मग मेल-एक्स्प्रेस, अशी शिडी छापलेली. ज्येष्ठता यादी नोटीस बोर्डावर लागायची आणि चहाच्या टपरीवर तिचं पारायण चालायचं. कोणाचा नंबर कोणाच्या वर, बॅच कोणती, ट्रेनिंगला कोणाला किती मार्क. लग्न जमवतानासुद्धा लोक पोराचा यादीतला नंबर विचारायचे, खोटं नाही सांगत.

नाकारण्याची सोय आमच्याकडे नियमातच होती. 'रिफ्यूजल' दिलं की एक वर्ष तुमचा विचार नाही, आणि तेवढ्यात पुढं गेलेले ज्युनियर कायमचे वर. पोरांची दहावी-बारावी असेल तर लोक बिनधास्त रिफ्यूजल द्यायचे. खाजगीत ही सोय कागदावर नसते म्हणूनच हॉपरवाल्यांना धाकधूक वाटतेय. वकीलसाहेबांनी सांगितलं तसं लिहून द्या आणि मोकळे व्हा.

तलाठ्याचा_मुलगा
सरकारी बाजूने थोडी भर. आमच्याकडे पद मिळो ना मिळो, पगार तरी चढतो. सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना. आधी १२ आणि २४ वर्षांवर लाभ होता, सातव्या वेतन आयोगानंतर १०, २० आणि ३० वर्षांवर. एकाच खुर्चीवर, त्याच पंख्याखाली बसून माणूस वरच्या वेतनश्रेणीत जातो. मात्र खरी बढती आली आणि तुम्ही ती नाकारली, तर या लाभावर पाणी सोडावं लागतं. त्यामुळे मूळ नाशिक विभागातला माणूस बढती मिळाली की देव पाण्यात घालून बसतो, की पोस्टिंग धडगाव-अक्कलकुव्याला नको.

गोपनीय अहवालाचंही सांगतो. एका कार्यालयात माझ्या ओळखीच्या बाईंना वर्षानुवर्षं 'चांगला' शेरा होता आणि बढतीला 'अतिउत्कृष्ट'ची अट. शेरा वाईट नाही म्हणून त्यांना कधी कळवलाच नाही. २००८ च्या देव दत्त निकालाने सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की प्रत्येक शेरा कळवायला हवा, वाईट असो की चांगला, कारण 'चांगला' शेऱ्यानेही बढती हुकू शकते. हल्ली अहवालाची प्रत मिळते. तेव्हा कपाटात कुलूपबंद असायचा.

सातपुड्याचा_पायथा
धडगावला माणसंच राहतात साहेब. तुम्ही लोक पोस्टिंग रद्द करायला मुंबईच्या चकरा मारता, तेवढ्यात आमच्याकडं सहा महिने पद रिकामं. दाखल्यासाठी म्हातारी माणसं डोंगर उतरून येतात आणि 'साहेब रुजू झाले नाहीत' ऐकून परत जातात. बढतीच्या गप्पांत हे कोणी बोलत नाही.

तलाठ्याचा_मुलगा
बरोबर बोललात. विनोद म्हणून लिहिलं, पण तुमचं म्हणणं खरं आहे.

संपादक_मंडळ
पदोन्नतीतील आरक्षणावर दोन प्रतिसाद आले होते, ते काढले आहेत. विषय मोठा आहे, वेगळा धागा काढा. इथं खाजगी कंपनीतल्या बढतीवर आणि सेवाशर्तींवर बोलू.

अमळनेरी
माझे आजोबा गिरणीत होते. त्यांच्या वेळी बढतीचा प्रश्न नंतरचा, आधी बदली कामगार म्हणून रोज सकाळी भोंग्याला गेटवर जाऊन उभं राहायचं. कोणी गैरहजर असेल तर साचा (माग) मिळायचा, नाहीतर घरी. कायम झालेला माणूस म्हणजे राजा. साचेवाल्याचा जॉबर (मुकादम) झाला की गल्लीत त्याला शेठ म्हणायचे. कोण जॉबर होणार हे हेड जॉबरच्या घरी कोण भाजीपाला पोचवतं यावर ठरायचं, असं आजोबा हसत सांगायचे.

विचारायचं हे की, ते 'बदली' प्रकरण आजही चालू आहे ना? माझा भाचा चटईच्या कारखान्यात तीन वर्षं टेम्पररी आहे. बढती राहिली बाजूला, कायमचंच पत्र नाही.

पांझराकाठचा_वकील
अमळनेरी, महाराष्ट्राच्या आदर्श स्थायी आदेशांत ४-क म्हणून एक कलम आहे. मागच्या बारा महिन्यांत २४० दिवस अखंड काम केलेल्या बदली किंवा तात्पुरत्या कामगाराला कायम करायचं, आणि हंगामी कारखान्यात १९० दिवस. शिवाय कायमपणाचे फायदे मिळू नयेत म्हणून वर्षानुवर्षं तात्पुरतं ठेवणं ही एमआरटीयू-पल्पच्या चौथ्या परिशिष्टातली अनुचित प्रथा आहे. पण दोन गोष्टी बघा. भाचा कंपनीच्या हजेरीपटावर आहे की ठेकेदाराच्या? चटईच्या धंद्यात बहुतेक ठेकेदाराच्या. आणि कारखान्यात माणसं किती? राज्यात स्थायी आदेश ५० कामगारांपासून लागत होते, नव्या संहितेत हा आकडा ३०० वर गेलाय. ज्यांचे स्थायी आदेश आधीच मंजूर आहेत ते नव्या कायद्याशी विसंगत नसतील तेवढे चालू राहतात. बाकीच्या लहान कारखान्यांचं काय, यावर आता कोर्टात भांडणं होतील.

हॉपरवाला, तुमच्या ज्युनियरच्या बाबतीत. एमआरटीयू-पल्पखाली तक्रार घटनेपासून ९० दिवसांत करायची असते. सबळ कारण असेल तर उशीर माफ होतो, पण वर्ष उलटलंय आणि तुम्ही युनियनमध्ये सक्रिय नव्हतात. मला त्यात दम दिसत नाही. केंद्राने संहिता आणताना १९२६, १९४६ आणि १९४७ चे तीन कायदे रद्द केले, राज्याचा १९७१ चा त्या यादीत नाही, म्हणून मी अजून त्याच कायद्याची भाषा बोलतोय.

वरणगाव_फाटा
आमची गोष्ट जरा वेगळी. आयुध निर्माणीत लागलो तेव्हा केंद्र सरकारचा नोकर होतो. १ ऑक्टोबर २०२१ ला ऑर्डनन्स फॅक्टरी बोर्ड मोडून सात कंपन्या केल्या. वरणगाव एका कंपनीत गेलं, भुसावळ दुसऱ्या. मशीन तेच, बंगला तोच, गेटवरची पाटी बदलली. आम्ही 'मानीव प्रतिनियुक्ती'वर, म्हणजे सरकारी नोकर म्हणूनच कंपनीत काम करतो, सेवाशर्ती जुन्याच राहतील असं सांगितलंय आणि मुदत वाढत वाढत चाललीय. रोज जेवणाच्या सुट्टीत एकच विषय, कंपनीत कायमचं जायची वेळ आली तर बढतीची शिडी कोणाची लागू होणार. तुम्हाला निदान दोन पानी पत्र तरी मिळालं.

कळणानी_भाकर
वरणगाव भाऊ, तुमनं पत्र दिल्लीथून पायी ई ऱ्हायनं.

मोहाडी_रोड
मी हॉपरवाल्यांच्याच लाइनीत, आता इन्चार्ज होऊन चार वर्षं झाली. वकीलसाहेबांनी 'काम कसलं आहे' म्हटलं ते आतून सांगतो.

नावाला इन्चार्ज आहे. पाळी सुरू झाली की हॉपरमध्ये माल आहे का बघ, झोनचं तापमान लाव, डाय अडकली तर पितळी पट्टीने खरवड, पाइपची जाडी व्हर्नियरने मोज, स्क्रॅपचं वजन कर. दोन माणसं कमी आली तर कटरवर मीच. रजा मंजूर करायचा अधिकार नाही, मेमो द्यायचा नाही, कोणाला कुठं उभं करायचं तेसुद्धा वरून लिहून येतं. माझी सही असते फक्त लॉगबुकवर, आणि ती ऑपरेटर असतानाही होती. पण डब्याला टेबल मिळालं आणि निळ्या शर्टाचा पांढरा शर्ट झाला. पाइपच्या खात्यात पांढरा शर्ट, बायको रोज शिव्या घालते.

पांझराकाठचा_वकील
मोहाडी रोड, तुम्ही लिहिलेलं जपून ठेवा. तुम्ही अजूनही कामगार असण्याची दाट शक्यता आहे. पदाचं नाव काय यापेक्षा माणूस मुख्यतः कोणतं काम करतो हे बघायचं, असं सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये सिबा गायगीच्या प्रकरणात म्हटलंय. रजा देणं, काम वाटणं, शिस्तभंगाचा अहवाल पाठवणं, याचे कागद तुमच्या नावाचे असतील तर तुम्ही देखरेख करता. नसतील तर पांढरा शर्ट घाला की काळा कोट.

मनुष्यबळ_ताई
आता एचआरच्याच तोंडून घ्या, हॉपरवाला. आम्हालाही उद्याची भांडणं नको असतात. सरळ मेल लिहा, गोड भाषेत. 'बढतीबद्दल आभार, खालील बाबींचा खुलासा मिळावा.' परिविक्षेत जमलं नाही तर मूळ पदावर, मूळ वेतनावर परत घेणार का? सेवा पहिल्या दिवसापासून अखंड धरणार का? बदली कुठपर्यंत? रजा मंजुरी आणि कामवाटपाचे अधिकार कोणते? ओव्हरटाइम नाही तर पाळी भत्ता किती? शनिवारची मुदत वाढवून मागा. कोणीही समंजस एचआर आठवडाभर देतो. 'योग्य ती कार्यवाही' हा शब्द तर खोडूनच घ्या, त्यात नोकरीवरून काढणंही बसतं.

युनियनवाले_आबा
ताईंना आमच्या युनियनचं सभासद करून घ्या रे कोणीतरी.

मनुष्यबळ_ताई
मी 'कामगार' नाही हो आबा, काम देखरेखीचं आणि पगार १८,००० च्या वर आहे.

पगारपत्रक
एक बारीक पण महत्त्वाची गोष्ट, आईंच्या डायलिसिससाठी. ईएसआयसीत वर्गणीचे दोन कालावधी असतात, एप्रिल ते सप्टेंबर आणि ऑक्टोबर ते मार्च. कालावधी सुरू झाल्यानंतर पगार २१,००० च्या वर गेला तर तो कालावधी संपेपर्यंत माणूस आतच राहतो. तुमचं पत्र १ एप्रिलपासूनचं आहे. म्हणजे कालावधीच्या पहिल्याच दिवशी तुम्ही बाहेर. तेच पत्र १ मेपासूनचं करून घेतलं तर ३० सप्टेंबरपर्यंत वर्गणी चालू, आणि त्या वर्गणीवरचा लाभ पुढच्या जानेवारी ते जून. एका महिन्याचे साडेतीन हजार सोडा आणि तारीख बदलून मागा. डायलिसिसचा खर्च तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे.

शेवभाजी_डबल_तर्री
हा प्रतिसाद फ्रेम करून लावा. खरंच.

भुसावळ_जंक्शन
+१. चौतीस वर्षांत असा कारकून भेटला असता तर पेन्शन वेळेवर बसली असती.

हॉपरवाला
सगळ्यांना मनापासून धन्यवाद. ताईंनी सांगितलं तसा मेल पाठवला होता, काल बोलावणं आलं. घाबरत गेलो. साहेब म्हणाले, हे प्रश्न कुठून आणले? मी म्हटलं, गल्लीत एक वकील राहतात.

अखंड सेवा आणि मूळ पदावर परत, हे दोन्ही लिहून द्यायला लगेच तयार झाले. 'योग्य ती कार्यवाही' गेलं. बदली 'जळगाव जिल्ह्यातील युनिट' एवढीच ठेवली, पण तीही दोन वर्षांपुरती, पुढं पुन्हा बघू म्हणतात. तीन महिन्यांची नोटीस कमी करत नाहीत. ओव्हरटाइम नाहीच, त्याऐवजी पाळी भत्ता १,५०० देऊ म्हणाले. तारीख मात्र १ मे केली, त्यावर एका शब्दाने विचारलं नाही. अधिकार कोणते, याचं उत्तर 'ते डिपार्टमेंट सांगेल'. ते लेखी मागितलंय.

म्हणजे पाळी भत्ता धरून आजच्यापेक्षा पाचशे रुपयांनी खालीच. तरी सही करायचा विचार आहे. रात्रपाळीत रोलर ओढून खांदा गेलाय, ओव्हरटाइम अजून किती वर्षं ओढणार? आईचं बघायला सप्टेंबरपर्यंत, आणि लाभाचं धरलं तर त्याच्याही पुढं वेळ मिळतोय. तोवर आरोग्य विम्याचं काहीतरी बघतो.

युनियनवाले_आबा
माझं मत विचाराल तर नको. दोन वर्षांनी 'पुन्हा बघू' म्हणजे परराज्यातलं युनिट. पण खांदा तुमचा आहे, मी काय बोलणार.

पांझराकाठचा_वकील
अधिकारांचं लेखी उत्तर आलं नाही तरी तुमचा तो मेल आणि त्याची पोच ठेवा. आलं नाही हाच उद्या पुरावा होईल. आणि विमा घेताना आईंचा आधीचा आजार लपवू नका.

मोहाडी_रोड
शर्टाचा रंग विचारला का?

हॉपरवाला
करडा आहे म्हणे.